मुक्या जनावरांचा कैवारी : हेन्री बर्ग

पाळलेल्या जनावराचे हाल होताना दिसले तर आपण काय करतो? बहुतेक वेळा हळहळतो आणि पुढे जातो. ज्याचे जनावर आहे तो बघून घेईल, आपण कशाला मध्ये पडा, असा त्यामागचा विचार असतो. दीडशे वर्षांपूर्वी न्यूयॉर्कमधले लोकही असाच विचार करत होते. तिथे एक गृहस्थ मात्र मध्ये पडले आणि त्यानंतर बावीस वर्षे, अखेरच्या श्वासापर्यंत, मध्ये पडतच राहिले. त्यांचे नाव हेन्री बर्ग. प्राण्यांवरील क्रौर्याला आळा घालणारी अमेरिकेतली पहिली संस्था त्यांनी उभी केली. प्राण्यांचे हाल आणि माणसांचे आरोग्य यांचे नाते किती जवळचे आहे, हे त्यांच्या कामातून फार स्पष्ट दिसते. म्हणून आरोग्याच्या या सदरात आज त्यांची ओळख.

बर्ग यांचा जन्म २९ ऑगस्ट १८१३ रोजी न्यूयॉर्कमध्ये झाला. वडील ख्रिश्चन बर्ग हे जहाजे बांधणारे नावाजलेले व्यावसायिक होते, त्यामुळे घरात पैशाला तोटा नव्हता. हेन्री कोलंबिया कॉलेजात दाखल झाले, पण पदवी न घेताच बाहेर पडले. १८३९ मध्ये कॅथरीन मटिल्डा टेलर यांच्याशी त्यांचा विवाह झाला. पुढे वडिलोपार्जित संपत्तीच्या जोरावर या जोडप्याने युरोपात भरपूर प्रवास केला. हेन्री यांना नाटककार व्हायचे होते. त्यांनी नाटके लिहिलीही, पण ती चालली नाहीत. उंचापुरा, टापटीप पोशाखातला, सुखवस्तू, पण हाती धड काम नसलेला गृहस्थ, एवढीच पन्नाशीपर्यंत त्यांची ओळख होती. प्राण्यांचा त्यांना विशेष लळा होता असेही नाही. ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे, कारण प्राण्यांवर दया करायची तर आधी प्राणिप्रेमी असावे लागते, असा आपला समज असतो.

स्पेनमध्ये त्यांनी बैलांच्या झुंजी पाहिल्या होत्या. मरणारे बैल, पोट फाटलेले घोडे आणि त्यावर टाळ्या वाजवणारे प्रेक्षक पाहून त्यांना शिसारी आली होती. १८६३ मध्ये अध्यक्ष अब्राहम लिंकन यांनी त्यांची रशियातील अमेरिकी वकिलातीत सचिव म्हणून नेमणूक केली. सेंट पीटर्सबर्गच्या रस्त्यांवर गाडीवान घोड्यांना बेदम मारत. बर्ग आपली गाडी थांबवून त्यांना अडवू लागले. त्यांचा राजनैतिक अधिकाऱ्याचा भरजरी गणवेश पाहून गाडीवान मुकाट्याने चाबूक खाली घेत. अधिकार असलेल्या माणसाने हटकले की क्रौर्य थांबते, हा धडा त्यांना तिथे मिळाला. परतताना ते लंडनला थांबले. तिथे १८२४ पासून प्राण्यांवरील क्रौर्य रोखणारी संस्था काम करत होती. तिचा कारभार त्यांनी बारकाईने समजून घेतला आणि न्यूयॉर्क गाठले.

८ फेब्रुवारी १८६६ रोजी क्लिंटन हॉलमधील सभेत त्यांनी हा विषय शहरातील प्रतिष्ठितांपुढे मांडला. १० एप्रिलला त्यांच्या संस्थेला सरकारी मान्यता मिळाली आणि त्याच महिन्याच्या १९ तारखेला न्यूयॉर्क राज्याने प्राण्यांवरील क्रौर्याविरुद्ध नवा कायदा केला. असा कायदा त्याआधी नव्हता असे नाही. जनावर दुसऱ्याचे असो वा स्वतःचे, त्याला क्रूरपणे मारणे हा १८२९ पासूनच गुन्हा होता. पण तो कायदा राबवणारे कोणी नसल्याने त्याचे अस्तित्व कागदापुरतेच होते. बर्ग यांनी नव्या कायद्याबरोबर तो राबवणारी माणसेही उभी केली. संस्थेच्या निरीक्षकांना गुन्हेगाराला पकडण्याचा अधिकार मिळाला. पुढच्याच वर्षी कायदा आणखी कडक होऊन प्राण्यांच्या झुंजींवर बंदी आली. कोंडून ठेवलेल्या जनावराला अन्नपाणी न देणे हाही गुन्हा ठरला.

पहिल्या खटल्यांपैकी एक खाटकाविरुद्धचा होता. त्याने जिवंत वासरे गाडीत एकावर एक रचून नेली होती. त्याला दहा डॉलर दंड झाला. दुसरा खटला कासवांचा. फ्लोरिडाहून जहाजाने आणलेली मोठी समुद्री कासवे पाठीवर उलटी टाकलेली होती आणि त्यांचे वल्ह्यांसारखे पाय भोसकून त्यांतून दोऱ्या ओवल्या होत्या. हा खटला बर्ग हरले, कारण कासव हे कायद्याच्या अर्थाने प्राणी ठरते असे न्यायालयाला वाटले नाही. वर्तमानपत्रांनी त्यांची यथेच्छ टर उडवली. पण त्या टिंगलीमुळेच संस्थेचे नाव घरोघर पोहोचले.

त्या काळचे न्यूयॉर्क घोड्यांवर चालत होते. ट्राम, मालगाड्या, आगीचे बंब, सगळे घोडेच ओढत. ट्रामची कंपनी जास्तीत जास्त उतारू कोंबत असे आणि बर्फाळलेल्या रस्त्यावर घोडे कोसळत. बर्ग भर चौकात उभे राहून अशी ट्राम थांबवत, उतारूंना खाली उतरवत आणि घोडे सोडायला लावत. उतारू संतापत, वाहतूक खोळंबे. पण चाबूक मारणारा हात गाडीवानाचा असला तरी त्याला तसे करायला लावणारी व्यवस्था मालकाची आहे, हे त्यांनी ओळखले होते.

त्यांनी नुसते खटले भरले नाहीत, सोयीही केल्या. रस्त्यावर जनावरांसाठी पाण्याच्या हौदांचा आग्रह धरला. १८६७ मध्ये त्यांच्या संस्थेने जखमी घोड्यांसाठी रुग्णवाहिका सुरू केली. न्यूयॉर्कच्या बेलव्ह्यू या सार्वजनिक रुग्णालयाने माणसांसाठी रुग्णवाहिका सुरू केली ती १८६९ मध्ये. माझ्यासारख्या सरकारी रुग्णालयात नोकरी केलेल्या डॉक्टरला हा क्रम जरा ओशाळवाणा वाटतो. पण जखमी जीव जागच्या जागी मरू द्यायचा नसतो, तो उपचारापर्यंत पोहोचवायचा असतो, हा विचार त्या शहराने आधी घोड्यांच्या बाबतीत केला खरा.

१८७२ च्या शरद ऋतूत घोड्यांच्या इन्फ्लुएंझाची मोठी साथ आली. कॅनडातल्या टोरंटोजवळ सुरू झालेली ही साथ काही आठवड्यांत न्यूयॉर्कला पोहोचली. हजारो घोडे खोकू लागले आणि शहराचा गाडा थांबला. काही ठिकाणी तर माणसांनी स्वतःला गाड्यांना जुंपून घेतले. आजारी घोडे कामाला लावणाऱ्या गाड्या बर्ग यांनी याही वेळी अडवल्या. आजारी जीवाला विश्रांती दिली तर तो बरा होतो आणि राबवले तर मरतो, हे साधे वैद्यकीय सत्य ते रस्त्यावर उभे राहून सांगत होते.

माणसांच्या आरोग्याशी थेट जोडलेली त्यांची लढाई दुधाची होती. दारूच्या भट्ट्यांना लागून गोठे असत. दाण्याचा उरलेला गरम, आंबलेला चोथा हेच तिथल्या गायींचे खाद्य. गायी अंधाऱ्या, कोंदट जागेत बांधलेल्या असत. त्यांच्या अंगावर गळवे येत, दात किडत, शेपट्या सडून गळून पडत. त्यांचे निळसर, पाणचट दूध खडूसारख्या वस्तू मिसळून पांढरे केले जाई आणि गरिबांच्या तान्ह्या मुलांना पाजले जाई. अशा दुधाने मुले दगावत असल्याची ओरड १८५८ पासूनच एका साप्ताहिकाने चालवली होती. बर्ग यांनी या गोठ्यांवर खटले भरले ते गायींच्या छळाबद्दल, पण त्याचा लाभ पाळण्यातल्या बाळांनाही होणार होता.

आता कुत्र्यांकडे येऊ. उन्हाळा आला की न्यूयॉर्कमध्ये पिसाळलेल्या कुत्र्यांची भीती पसरे. मग महापालिका मोकाट कुत्री पकडून आणणाऱ्याला डोईगणिक पैसे देई. परिणाम व्हायचा तोच झाला. उनाड पोरे दारातली, अंगणातली पाळीव कुत्री चोरून कोंडवाड्यात नेऊ लागली. कोंडवाड्यात त्यांना आधी सोट्यांनी मारत. १८७७ पासून मोठ्या लोखंडी पिंजऱ्यात भरून ईस्ट नदीत बुडवू लागले. एका दिवसात शेकडो कुत्री अशी मारली जात. बर्ग यांनी या प्रकाराविरुद्ध सतत आवाज उठवला. महापालिकेने कोंडवाडा त्यांच्याच संस्थेकडे सोपवण्याची तयारी दाखवली, तेव्हा मात्र त्यांनी नकार दिला. ही जबाबदारी संस्थेने १८९४ मध्ये, त्यांच्या पश्चात घेतली. तेव्हा कुत्र्यांसाठी परवानाही लागू झाला.

डोईगणिक बक्षिसाचा हा प्रकार मुंबईला नवा नव्हता. १८३२ मध्ये मोकाट कुत्र्यांमागे आठ आणे मिळतात म्हणून पोलिसांच्या माणसांनी घरची कुत्रीही उचलायला सुरुवात केली. त्यावर पारशी समाज खवळला, बाजार बंद पडले आणि शहरात दंगल उसळली. कुत्र्यांचा प्रश्न नुसता मारून सोडवू पाहिला की भीती, भ्रष्टाचार आणि क्रौर्य तिन्ही वाढतात, हे दोन्ही शहरांत दिसले.

या प्रश्नावर डॉक्टर म्हणून एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. पिसाळलेल्या कुत्र्यांची भीती रोगापेक्षा मोठी आहे, असे बर्ग यांचे मत होते. भीतीपोटी निरोगी कुत्री मारली जात होती, इथपर्यंत ते बरोबर होते. पण रेबीज हा खरा आणि भयंकर रोग आहे. लक्षणे दिसू लागल्यावर तो जवळजवळ नेहमीच प्राणघातक ठरतो. त्यावर उत्तर सापडले ते १८८५ मध्ये लुई पाश्चर यांच्या लसीच्या रूपाने, आणि ती लस सशांवरील प्रयोगांतून तयार झाली होती. बर्ग जिवंत प्राण्यांवरील प्रयोगांचे कट्टर विरोधक होते आणि त्यांच्या बंदीसाठी त्यांनी विधिमंडळात प्रयत्नही केले. ते सफल झाले नाहीत, हे माणसांच्या दृष्टीने बरेच झाले, आणि कुत्र्यांच्याही, कारण आज कुत्र्यांना रेबीजपासून वाचवते ती लसच. प्रयोगशाळेतले दुःख कमीत कमी असावे, त्यावर देखरेख असावी, हा त्यांच्या विरोधातला ग्राह्य भाग पुढे विज्ञानाने स्वीकारला. बर्ग यांच्या स्वभावात असे टोक होते. बायकोला मारणाऱ्या नवऱ्यांना जाहीर फटक्यांची शिक्षा द्यावी, असेही या दयाळू माणसाला वाटे.

त्यांच्या आयुष्यातली सर्वांत महत्त्वाची घटना १८७४ ची. एट्टा व्हीलर नावाच्या सेवाभावी बाईंना न्यूयॉर्कच्या गरीब वस्तीत मेरी एलन नावाची सुमारे दहा वर्षांची मुलगी आढळली. सांभाळणारी बाई तिला रोज चामड्याच्या चाबकाने मारत असे, घराबाहेर पडू देत नसे आणि थंडीत पुरेसे कपडेही देत नसे. व्हीलर बाईंनी अनेक ठिकाणी दाद मागितली, पण घरातल्या मामल्यात पडायला कोणी तयार होईना. शेवटी त्या बर्ग यांच्याकडे गेल्या. बर्ग यांनी संस्थेचे वकील एल्ब्रिज गेरी यांना कामाला लावले. मुलगी प्राणी आहे असे दाखवून तिला प्राण्यांच्या कायद्याखाली सोडवले, अशी दंतकथा पुढे पसरली, पण ती खरी नाही. गेरी यांनी माणसांसाठीच्याच कायद्याचा आधार घेऊन मुलीला न्यायालयापुढे आणले. एप्रिलमध्ये ती न्यायमूर्तींसमोर आली तेव्हा तिच्या अंगावर माराचे वळ होते आणि चेहऱ्यावर कात्रीची जखम. सांभाळणाऱ्या बाईला एक वर्षाची कैद झाली. मेरी एलन व्हीलर बाईंच्या नातलगांकडे वाढली, तिचे लग्न झाले, मुली झाल्या आणि १९५६ मध्ये, ९२ व्या वर्षी तिचे निधन झाले. या खटल्यानंतर त्याच वर्षाच्या अखेरीस मुलांवरील क्रौर्य रोखण्यासाठी न्यूयॉर्कमध्ये स्वतंत्र संस्था निघाली. तिच्या स्थापनेत गेरी आणि बर्ग दोघेही होते.

मुलांच्या आधी जनावरांसाठी संस्था निघाली, याचे अनेकांना नवल वाटते. पण त्यात एक सूत्र आहे. जनावर, तान्हे मूल, अंथरुणाला खिळलेले म्हातारे माणूस, यांच्यात एक साम्य असते. त्यांना तक्रार करता येत नाही आणि ते पूर्णपणे कोणाच्या तरी हाती असतात. ज्या घरात यांपैकी एकाचे हाल होतात, तिथे दुसऱ्याचेही होत असण्याची शक्यता असते. वैद्यकशास्त्रानेही ही बाब नोंदली आहे. मुलांच्या वर्तनविकाराच्या लक्षणांत प्राण्यांशी क्रूरपणे वागणे हे लक्षण अमेरिकी मानसोपचारतज्ज्ञांच्या निदानसंहितेत १९८७ पासून आहे. मांजराची शेपटी ओढणारे प्रत्येक लहान मूल आजारी नसते, त्याला समजावले की ते थांबते. पण जाणत्या वयात वारंवार, मजेखातर प्राण्याला इजा करणाऱ्या मुलाला रागावून सोडून देऊ नये, डॉक्टरांना दाखवावे. त्या मुलावरच कुठे अत्याचार होत नाही ना, हेही पाहावे. अमेरिकेची एफबीआय ही तपासयंत्रणा २०१६ पासून प्राण्यांवरील क्रौर्याची स्वतंत्र गुन्हा म्हणून नोंद ठेवते आणि त्यात हेळसांडही मोजते.

हेळसांड हा शब्द इथे महत्त्वाचा आहे. पाळीव प्राण्यांना जीव खाऊन मारणारे थोडे असतात, हेळसांड करणारे पुष्कळ. बाल्कनीत दिवसभर आखूड साखळीने बांधलेला कुत्रा, उन्हात कोरडे पडलेले पाण्याचे भांडे, गोचिडांनी भरलेले कान, मांसात रुतलेला पट्टा, विक्रीसाठी वर्षानुवर्षे पिल्ले काढून घेतलेली कुत्री, थंड मुलखातला केसाळ कुत्रा हौसेने आणून मराठवाड्याच्या उन्हाळ्यात ठेवणे, म्हातारे झाले किंवा बदली झाली म्हणून जनावर हमरस्त्यावर सोडून देणे, ही सगळी हेळसांडच. तिचे परिणाम माझ्यासारख्या डॉक्टरांच्या टेबलापर्यंत येतात. श्वानदंशाच्या लशीसाठी येणाऱ्या सगळ्यांनाच रस्त्यावरचे कुत्रे चावलेले नसते. कित्येकांना घरचे किंवा शेजाऱ्याचे, सतत बांधून चिडखोर झालेले, लस न टोचलेले कुत्रे चावलेले असते.

हेळसांडीमागे दरवेळी दुष्टपणा असतो असेही नाही. कधी मालक नैराश्यात असतो, कधी एकट्या राहणाऱ्या वृद्धाला विस्मरणाचा आजार जडलेला असतो, कधी औषधाला पैसे नसतात. अशा घरात खंगलेले जनावर ही माणसाच्या आजाराचीही खूण असते. तिथे पोलिसांच्या आधी शेजारी, नातेवाईक आणि डॉक्टर पोहोचायला हवेत.

आपल्याकडे कायदा आहे. मुंबईत प्राण्यांवरील क्रौर्य रोखणारी संस्था १८७४ मध्येच, म्हणजे मेरी एलनच्या खटल्याच्या वर्षी निघाली. परळचे बाई साकरबाई दिनशा पेटिट जनावरांचे रुग्णालय त्यानंतर काही वर्षांतच उभे राहिले. स्वातंत्र्यानंतर रुक्मिणीदेवी अरुंडेल यांनी राज्यसभेत चिकाटीने पाठपुरावा केला आणि १९६० चा केंद्रीय कायदा झाला. प्राण्याला पुरेसे अन्न, पाणी, निवारा न देणे, आखूड किंवा जड साखळीने दीर्घकाळ बांधणे, कायम बांधलेल्या कुत्र्याला फिरवून न आणणे, विनाकारण सोडून देणे, हे सगळे त्यातल्या कलम ११ नुसार गुन्हे आहेत. पण पहिल्या गुन्ह्याला दंड फक्त दहा ते पन्नास रुपये. त्या खाटकाला न्यूयॉर्कमध्ये १८६६ साली दहा डॉलर दंड झाला होता, यावरून आपला दंड किती नाममात्र आहे ते कळेल. प्राण्याला ठार मारणे, विष घालणे किंवा जायबंदी करणे यासाठी मात्र भारतीय न्याय संहितेच्या कलम ३२५ नुसार पाच वर्षांपर्यंत कैद होऊ शकते.

शिक्षेपेक्षा प्रतिबंध बरा, हे आरोग्याचे सूत्र इथेही लागू पडते. जनावर आणण्यापूर्वी पुढच्या दहा-पंधरा वर्षांचा वेळ, जागा आणि खर्च यांचा हिशेब घरातल्या सगळ्यांनी मिळून करावा. वाढदिवसाची भेट म्हणून पिल्लू देऊ नये. पशुवैद्यकांच्या सल्ल्याने रेबीजची लस वेळेवर टोचावी, नसबंदी करून घ्यावी, गावाला जाताना त्याची सोय आधी लावावी. सांभाळणे खरोखरच अशक्य झाले तर त्याला रस्त्यावर न सोडता नवे घर शोधावे. शेजारी हाल होताना दिसले तर आधी शांतपणे विचारावे, मदत देऊ करावी. तरीही ते थांबले नाहीत तर तारीख-वेळेसह छायाचित्रे घेऊन प्राणिसंरक्षण संस्थेकडे किंवा पोलीस ठाण्यात लेखी तक्रार द्यावी.

हेन्री बर्ग यांचे निधन १२ मार्च १८८८ रोजी झाले. त्या दिवशी न्यूयॉर्क एका प्रचंड हिमवादळाखाली गाडले गेले होते. ब्रुकलिनच्या ग्रीन-वूड दफनभूमीत त्यांना पुरण्यात आले. तोवर अमेरिकेच्या बहुतेक राज्यांत प्राण्यांवरील क्रौर्याविरुद्ध कायदे झाले होते. सर्कसवाले फिनिअस बार्नम यांच्या संग्रहालयात अजगराला जिवंत ससे खाऊ घालत, म्हणून बर्ग यांनी एकेकाळी त्यांच्याशी जाहीर भांडण केले होते. तेच बार्नम पुढे त्यांचे स्नेही झाले आणि अंत्यविधीला हजर होते. प्राण्यांचा फारसा लळा नसलेल्या या माणसाने लाखो मुक्या जिवांचे हाल कमी केले, कारण त्यांच्या लेखी तो प्रेमाचा नव्हे, कर्तव्याचा प्रश्न होता. प्रेम सगळ्यांनाच वाटेल असे नाही. पण आपल्या हाती असलेल्या जिवाला वेळेवर पाणी देणे आणि शेजारच्या साखळीचा आवाज ऐकू आला तर जाऊन विचारणे, एवढे प्रत्येकाला जमण्यासारखे आहे.